हरिश्चंद्राच्या फॅक्टरीतली भरती

(तृतीय वर्ष, मेकॅनिकल)

सिनेमा संपतो, पडद्यावर नावं धावू लागतात आणि आपण बॅगा उचलून दाराकडे पळतो. त्या धावणाऱ्या नावांत हल्ली एक नाव हमखास असतं – कास्टिंग डायरेक्टरचं. कुठली भूमिका कोणाला शोभेल हे ठरवणारा, त्यासाठी शेकडो चेहरे बघणारा माणूस. आपल्याकडे हे नाव स्वतंत्रपणे दिसायला लागलं ते गेल्या पंचवीस-तीस वर्षांत. ऑस्कर देणाऱ्या अकादमीनेसुद्धा या कामासाठी वेगळा पुरस्कार जाहीर केला तो २०२४ साली! पण काम मात्र सिनेमाइतकंच जुनं आहे. आणि मित्रांनो, आपल्या देशात पूर्ण लांबीच्या कथापटासाठी हे काम करणारा माणूस मराठी होता. धुंडिराज गोविंद फाळके, अर्थात दादासाहेब फाळके.

दादासाहेबांवर शाळेतल्या निबंधापासून आजपर्यंत आपण सगळ्यांनी काही ना काही वाचलेलं असतं. आपण इंजिनिअरिंगची मुलं, त्यामुळे आपलं लक्ष जातं ते त्यांच्या कॅमेऱ्याकडे, फिल्मला छिद्रं पाडायच्या यंत्राकडे. मला मात्र त्यांच्यातला एकच माणूस बघायचा आहे. माणसं निवडणारा माणूस. कारण यंत्र पैसे मोजून लंडनहून आणता आलं. तारामती मात्र कुठल्याच दुकानात मिळाली नाही!

आधी थोडं चरित्र. जन्म ३० एप्रिल १८७०, त्र्यंबकेश्वर. वडील दाजीशास्त्री संस्कृतचे पंडित. त्यांना मुंबईच्या विल्सन कॉलेजात शिकवण्याची नोकरी मिळाली आणि कुटुंब मुंबईला आलं. १८८५ साली धुंडिराज जे. जे. स्कूल ऑफ आर्टमध्ये दाखल झाले, पुढे बडोद्याच्या कलाभवनात गेले. चित्रकला, फोटोग्राफी, मूर्ती घडवणं, जे दिसेल ते शिकले. गोध्ऱ्याला फोटो स्टुडिओ काढला, पण प्लेगने पहिली पत्नी आणि मूल हिरावून नेलं आणि ते गाव सुटलं. मग जादू शिकले. आडनाव उलटं करून ‘प्रोफेसर केळफा’ या नावाने खेळ केले! पुरातत्त्व खात्यात नोकरी केली, स्वदेशीच्या वाऱ्यात ती सोडली. मग छपाई. आपल्या कळंबोलीहून एक्स्प्रेस वे धरला की तासाभरात जे लोणावळं येतं, तिथे रविवर्म्यांच्या चित्रांचा छापखाना होता. फाळक्यांनी त्याच्यासाठी काम केलं, नंतर स्वतःचा छापखाना उभा केला, १९०९ साली तीनरंगी छपाईची यंत्रं आणायला जर्मनीला जाऊन आले. आणि भागीदारांशी पटेना म्हणून तेही सोडून दिलं.

आजच्या भाषेत सांगायचं तर भयंकर बायोडाटा. कुठल्याही एचआरवाल्याने पहिल्या फेरीतच बाजूला ठेवला असता. चाळिशी उलटलेली, एक धंदा धड नाही, घरात बायको-मुलं. पण नीट बघा. चित्रकाराची नजर, फोटोग्राफरची उजेडाची जाण, जादूगाराला असलेलं हातवाऱ्यांचं भान आणि देवादिकांची चित्रं हजारोंनी छापलेली. माणसाचा चेहरा पडद्यावर कसा दिसेल हे ओळखायला याहून चांगला अभ्यासक्रम कोणता असणार?

१९११ साली ईस्टरच्या सुमारास गिरगावातल्या अमेरिका-इंडिया पिक्चर पॅलेसमध्ये त्यांनी ख्रिस्ताच्या जीवनावरचा चित्रपट पाहिला. येशूच्या जागी त्यांना राम आणि कृष्ण दिसू लागले. त्यानंतर मिळेल तो सिनेमा बघण्याचा त्यांनी इतका सपाटा लावला की डोळ्यांचं दुखणं जडलं. बरे झाल्यावर विम्याची पॉलिसी गहाण टाकून, १ फेब्रुवारी १९१२ ला ते लंडनला निघाले. तिथे ‘बायोस्कोप’ साप्ताहिकाचे संपादक केबर्न यांनी मदत केली, हेपवर्थ यांच्या स्टुडिओत काम बघायला मिळालं. विल्यमसन कॅमेरा आणि छिद्रं पाडायचं यंत्र विकत घेऊन एप्रिलमध्ये फाळके परतले. वाटाण्याचा वेल कसा वाढतो याचं रोज थोडं थोडं चित्रण करून छोटासा चित्रपट केला. तो बघून पैसे देणारे सापडले. विषय ठरला – राजा हरिश्चंद्र.

आता भरती सुरू!

फाळक्यांनी ‘इंदुप्रकाश’सारख्या वृत्तपत्रांत जाहिराती दिल्या. नट पाहिजेत. अर्ज आले, माणसंही आली, पण बघून फाळके निराश झाले. शेवटी जाहिरातीत असा मजकूर घालावा लागला की ज्यांचा चेहरा देखणा असेल त्यांनीच यावं, असं सांगतात. वाचून आपल्याला हसू येतं, थोडा रागही येतो. चेहऱ्यावरून माणूस नाकारायचा हा कुठला न्याय? पण मूकपटाचं गणित समजून घ्यायला हवं. आवाज नाही. संवाद नाहीत, असतात त्या अधूनमधून लिहिलेल्या पाट्या. जे काही सांगायचं ते चेहऱ्याने आणि अंगाने. शिवाय त्या काळच्या फिल्मला निळा रंग चटकन दिसे, लाल जवळजवळ दिसतच नसे. त्यामुळे ओठ, गालावरची लाली, कातडीवरचे लालसर डाग पडद्यावर काळे उमटत. चेहऱ्याची ठेवण ठसठशीत नसेल तर मेकअपनेही फार काही साधत नसे.

आणि दुसरी अडचण होती रविवर्म्यांची! देव कसे दिसतात, राजे-राण्या कशा बसतात, पदर कसा घेतात हे त्यांच्या छापील चित्रांनी घरोघरी ठरवून टाकलं होतं. ज्या प्रेक्षकाच्या देवघरातच चित्र लावलेलं आहे, तो पडद्यावरचा हरिश्चंद्र त्याच्याशी ताडून बघणारच. फाळके स्वतः त्या छापखान्यातून आलेले. आपल्याला माणूस कसा हवा हे त्यांच्या डोळ्यांपुढे स्पष्ट होतं. आजच्या कास्टिंगवाल्यांचीही खरी मेहनत हीच असते. आधी मनातलं चित्र स्पष्ट करायचं, मग त्याच्याजवळ जाणारा माणूस शोधायचा.

जाहिरातीने भागलं नाही तेव्हा फाळके नाटकवाल्यांकडे वळले. पांडुरंग गदाधर साने आणि गजानन वासुदेव साने हे नाटकांतून काम करणारे दोघे मिळाले. दत्तात्रय दामोदर दाबके हरिश्चंद्र झाले, गजानन साने विश्वामित्र. म्हणजे पुरुषांचा प्रश्न सुटला. पण नाटकाच्या नटाला सवय शेवटच्या रांगेपर्यंत पोचण्याची. आवाज चढवायचा, हात मोठे करायचे. इथे कॅमेरा चार पावलांवर, आणि आवाजाचा काही उपयोग नाही. फाळके स्वतः अभिनय करून दाखवत, तालमी घेत. निवड करून टाकली की काम संपलं असं त्यांनी कधीच मानलं नाही. निवडलेल्या माणसाला घडवणं हाही त्याच कामाचा भाग.

आता मुख्य अडचण. तारामती.

१९१२ सालची मुंबई. रंगभूमीवर स्त्रियांच्या भूमिका पुरुष करत. बालगंधर्वांचा काळ तो! घरंदाज बाई सिनेमात काम करणार हे कोणाच्या स्वप्नातही येणं शक्य नव्हतं. सरस्वतीबाईंना, म्हणजे स्वतःच्या पत्नीलाच, फाळक्यांनी विचारून पाहिलं असं सांगतात. त्यांनी नकार दिला, आणि तो योग्यच होता. सगळ्या कंपनीचा स्वयंपाक त्या करत, फिल्मला छिद्रं पाडत, कॅमेऱ्यात फिल्म भरत, उन्हात पांढऱ्या चादरी धरून उजेड वळवत. त्यात आणखी राणी व्हायचं कधी? मग फाळके नाचगाणं करणाऱ्या बायकांच्या वस्तीत गेले. तिथेही नकार! ज्यांना समाजाने आधीच बाहेर काढलं होतं, त्यांनाही हे काम कमीपणाचं वाटलं. एक तयार झाली, तालमीही झाल्या. पण तिच्या यजमानाला कळल्यावर तो येऊन तिला घेऊन गेला. ती गेली ती गेलीच.

इथे मला जरा थांबावंसं वाटतं. आपल्या कॉलेजच्या एकांकिकेसाठी माणसं निवडायचं काम गेली दोन वर्षं माझ्याकडे आहे. ऑडिशनला मुली येतात, चांगल्या संख्येने येतात, आणि मुलांपेक्षा चांगलं वाचतात हेही कबूल करायला हवं. पण गेल्या वर्षी प्रयोगाला आठ दिवस उरले असताना एकीला घरून बंद करण्यात आलं. तालमी रात्री दहापर्यंत चालतात, हायवेवरून एकटीनं कळंबोलीत परतायचं, ट्रक टर्मिनलच्या बाजूचा रस्ता, शेजारचे काय म्हणतील… कारणं पुष्कळ होती. काही खरीही होती. तिचं काम उत्तम होतं. तिने न रडता वही परत दिली आणि दुसऱ्या दिवसापासून लेक्चरला येऊन गप्प बसू लागली. शंभर वर्षांपूर्वीचं ते सगळं वाचताना मला तिचा चेहरा दिसतो. निवड करणारा एक असतो, पण परवानगी देणारे भलतेच असतात. हे गणित अजून पूर्ण सुटलेलं नाही.

असो. तारामती शेवटी सापडली ती ग्रँट रोडच्या एका हॉटेलात. नाव अण्णा साळुंके! तिथे महिना दहा रुपयांवर काम करणारा मुलगा. फाळके तिथे चहाला जात. त्याचा नाजूक बांधा, हात, हालचाल हे सगळं त्यांनी हेरलं आणि पंधरा रुपये पगार देऊ केला. पाच रुपयांच्या वाढीवर भारतीय सिनेमाला पहिली नायिका मिळाली. गंमत वाटते, पण यातच कास्टिंगचं सारं मर्म आहे. फाळक्यांसमोर चहा ठेवणारा माणूस शेकडो गिऱ्हाइकांनी बघितला होता. त्याच्यात राणी दिसली फक्त एकाला. आमच्या नाटकाच्या ग्रुपला मी नेहमी सांगतो, लोखंड बाजारात चहाच्या टपरीवर अर्धा तास नुसते उभे राहा. पंजाबचा ड्रायव्हर, बिहारचा हमाल, वजनकाट्यावरचा कारकून, दुपारी डबा घेऊन येणारी मावशी. जगातल्या कुठल्याही नाटकाची पात्रं तिथे सापडतील. बघणारा पाहिजे.

पण साळुंके सापडल्यावरही लढाई संपली नाही. स्त्री-भूमिका करणाऱ्या मंडळींना मिशी काढायची होती, आणि मिशी काढायची ती बाप गेल्यावर, असा त्या काळचा समज! त्यांची समजूत घालण्यात फाळक्यांची बरीच शक्ती गेली. तीच गोष्ट रोहिदासाची. राजपुत्राची भूमिका म्हणजे खरं तर आईबापांची झुंबड उडायला हवी. पण गोष्टीत रोहिदास वनवासात जातो आणि मरतो. खोटं खोटं का होईना, आपल्या पोराला मेलेलं कोण बघणार? शेवटी फाळक्यांनी आपलाच मुलगा भालचंद्र उभा केला. (आमच्याकडे प्रेताचं काम करायला मात्र रांग लागते. पाठांतर नसतं ना!)

सिनेमात काम करणं बदनामीचं, म्हणून नटांनी बाहेर विचारणाऱ्यांना सांगायचं, आम्ही हरिश्चंद्राच्या फॅक्टरीत कामाला आहोत. ही युक्तीसुद्धा फाळक्यांचीच. परेश मोकाशी यांच्या २००९ सालच्या चित्रपटाचं नाव त्यावरूनच आलं. एका परीने ती फॅक्टरीच होती. दादरच्या बंगल्यात सगळी मंडळी महिन्याच्या पगारावर, तिथेच जेवायची, तिथेच तालीम. कॅमेऱ्यावर त्र्यंबक तेलंग, त्यांनाही फाळक्यांनीच तयार केलं. बाहेरच्या चित्रीकरणासाठी कंपनी वांगणीला गेली. बदलापूर आणि नेरळच्या मध्ये लोकल थांबते तेच वांगणी. ढाली-तलवारी घेतलेली माणसं बघून गावकऱ्यांना वाटलं, दरोडेखोर आले! मंडळींना अटक झाली आणि फाळक्यांनी येऊन सगळं समजावून दिल्यावर सुटका झाली. तिथेच खेळताना भालचंद्र डोकं आपटून बेशुद्ध पडला, आणि चिता रचलेला प्रसंग फाळक्यांनी तशा अवस्थेतल्या मुलावरच चित्रित केला, असंही सांगितलं जातं. हे वाचून कौतुक करावं की अंगावर काटा यावा, मला ठरवता येत नाही. दोन्ही होतं.

‘राजा हरिश्चंद्र’ २१ एप्रिल १९१३ ला निमंत्रितांना दाखवला गेला आणि ३ मे १९१३ ला गिरगावच्या कोरोनेशनमध्ये लागला. लांबी ३७०० फूट. आपला हिशोब करून बघा. ३५ मिलीमीटरच्या फिल्मवर एका फुटात १६ चित्रं बसतात. सेकंदाला १६ चित्रांच्या वेगाने दाखवली तर एक फूट म्हणजे एक सेकंद. म्हणजे ३७०० सेकंद, साधारण तासभर. यंत्र हाताने फिरवायचं, त्यामुळे वेळ कमी-जास्त होई. एवढ्या एका तासासाठी ही सगळी धडपड.

यश मिळालं, कंपनी नाशिकला गेली आणि दुसऱ्याच चित्रपटात फाळक्यांनी ते करून दाखवलं जे पहिल्यात जमलं नव्हतं. ‘मोहिनी भस्मासुर’मध्ये पार्वती झाल्या दुर्गाबाई कामत आणि मोहिनी झाली त्यांची मुलगी कमला. भारतीय चित्रपटातल्या पहिल्या स्त्री कलाकार म्हणून या मायलेकींचं नाव घेतलं जातं. दुर्गाबाई नवऱ्यापासून वेगळ्या राहून, फिरत्या नाटक कंपनीत काम करून मुलगी वाढवत होत्या. लोकांनी नावं ठेवायची ती ठेवून झालीच होती. कॅमेऱ्यापुढे उभं राहायचं धाडस त्यांना परवडलं. ही कमला म्हणजेच पुढच्या कमलाबाई गोखले. त्यांचे चिरंजीव चंद्रकांत गोखले आणि नातू विक्रम गोखले. एका निवडीतून चार पिढ्यांचं अभिनयाचं घराणं आपल्यासमोर येतं!

मात्र एकदा दार उघडलं म्हणजे ते उघडंच राहतं असं नाही. १९१७ च्या ‘लंकादहन’मध्ये सीता पुन्हा साळुंकेच झाले. आणि रामही तेच! एकाच चित्रपटात नायक आणि नायिका. सीतेचे दंड जरा जास्तच पीळदार दिसतात असं लोक म्हणत, तरीही चित्रपट तुफान चालला. तिकिटांची नाणी बैलगाडीतून न्यावी लागली अशी आठवण सांगितली जाते. प्रेक्षकांनी हे चालवून घेतलं याचा अर्थ साळुंके उत्तम होते. पण चालतंय म्हटल्यावर बायका शोधायची घाई कोणाला उरते? १९२० साली कोल्हापूरच्या बाबूराव पेंटरांनी ‘सैरंध्री’त स्त्रियांना भूमिका दिल्या, तेव्हाही त्यांना समाजाचे टोमणे सोसावे लागले. मला वाटतं, कास्टिंग हे नुसतं कलेचं काम नाही. पडद्यावर कोण दिसणार आणि कोण दिसणार नाही, याचाही निवाडा त्यात होत असतो.

फाळक्यांची सर्वांत सुंदर निवड मात्र त्यांच्या घरातच होती. मुलगी मंदाकिनी. १९१८ च्या ‘श्रीकृष्णजन्म’मध्ये आणि १९१९ च्या ‘कालिया मर्दन’मध्ये तिने बाळकृष्ण केला. पहिल्या चित्रपटात मुलगा राणी झाला, इथे मुलगी कृष्ण झाली. फाळक्यांनी भेद ठेवला नाही म्हणायचा! ‘कालिया मर्दन’ची सुरुवात जरूर बघा, त्याचा बराचसा भाग आजही उपलब्ध आहे. गोष्ट सुरू होण्याआधी मंदाकिनी साध्या वेषात कॅमेऱ्यासमोर बसते आणि एकामागून एक भाव चेहऱ्यावर आणून दाखवते. मग त्याच चेहऱ्याचा कृष्ण होतो. आज कास्टिंगवाले ज्याला स्क्रीन टेस्ट म्हणतात आणि कोणाला दाखवत नाहीत, ती फाळक्यांनी थेट चित्रपटातच घालून टाकली. ही पोर मी का निवडली, तुम्हीच बघा, असंच जणू ते सांगतात. मी ते दृश्य लॅपटॉपवर चार वेळा पाहिलं. अंगात कृष्णाचे कपडे नाहीत, मोरपीस नाही, तरी शेवटच्या भावापर्यंत आपण तिला कृष्ण मानलेलं असतं.

पुढचा प्रवास उताराचा. हिंदुस्थान सिनेमा फिल्म्स कंपनीत भागीदारांशी खटके उडाले, राजीनामा देऊन फाळके काशीला गेले, ‘रंगभूमी’ नावाचं नाटक लिहिलं, परत आले. एकोणीस वर्षांत शंभराच्या आसपास चित्रपट त्यांच्या नावावर जमा झाले. पण १९३१ साली पडदा बोलू लागला आणि निवडीचे नियमच बदलले. आता चेहऱ्याबरोबर आवाज हवा, गाता यायला हवं, आणि नटांचे पगार दहा-पंधरा रुपयांचे राहिले नव्हते. कोल्हापूरला १९३७ साली केलेला ‘गंगावतरण’ हा त्यांचा एकुलता एक बोलपट. १६ फेब्रुवारी १९४४ ला नाशिकला ते वारले, तेव्हा ज्या धंद्याचा पाया त्यांनी घातला तो धंदा त्यांना जवळजवळ विसरला होता. त्यांच्या नावाचा पुरस्कार सुरू झाला तो १९६९ मध्ये, आणि पहिला मिळाला तो देविकाराणी यांना. एका अभिनेत्रीला! तारामतीसाठी वस्त्या पालथ्या घालणाऱ्या माणसाच्या नावाचा पहिला सन्मान एका स्त्री कलाकाराला मिळावा, यात मला फार समाधान वाटतं.

आणि अण्णा साळुंके? ते पुढे स्वतः कॅमेऱ्यामागे गेले, छायाचित्रणही केलं. हॉटेलातला नोकर, मग राणी, मग राम-सीता आणि मग कॅमेरामन. कॅम्पस इंटरव्ह्यूच्या रांगेत टाय सारखा करत उभ्या असणाऱ्या आपल्यासारख्यांनी हा प्रवास लक्षात ठेवायला हरकत नाही. टक्के, केटी, ॲप्टिट्यूडचे मार्क यांची गाळणी लागतेच, लागू दे. पण आपल्याला ओळखणारी एखादी नजर कुठल्याही टेबलापाशी भेटू शकते. त्याहून महत्त्वाचं म्हणजे उद्या आपण टेबलाच्या त्या बाजूला बसू, तेव्हा समोर चहा ठेवणाऱ्याकडेही नीट बघू. आणि निवडलेल्या कोणाला घरून परवानगी मिळत नसेल तर तिच्या घरी जाऊन बोलू. यंदा आमच्या एकांकिकेच्या तालमी आम्ही संध्याकाळी सात वाजता संपवतो. मुलींची संख्या सहा आहे, आणि अजून एकही वही परत आलेली नाही.